जाहीर आवाज

डॉक्टर नसरीन काझींना कंपवात जडला आहे, ही गोष्ट नागझरीत सगळ्यांत आधी ज्याला कळली, त्याला ती कळायचं खरं तर काही कारण नव्हतं. शिरीष पाटोदेकर त्यांचा नातेवाईक नव्हता आणि वैद्यकाशी त्याचा संबंध डोकेदुखीच्या गोळीपलीकडे गेलेला नव्हता. तो 'दैनिक मांजराकाठ'चा वृत्तसंपादक होता. गुरुवारी दुपारी जेवणाचा डबा उघडता उघडता समोरच्या पडद्यावर बाईंचं नाव आलं. नावाखाली गेल्या तीन वर्षांतल्या तीन भाषणांचे आलेख होते आणि त्याखाली यंत्रानं काढलेला निष्कर्ष: कंपवाताची शक्यता शंभरात नव्वद, दर वर्षी वाढत चाललेली.

शिरीषनं डबा तसाच झाकून ठेवला. येत्या सोमवारी याच बाईंच्या हातून त्याच्या लेकीचं सिझेरियन व्हायचं होतं. ईश्वरीच्या पोटातलं बाळ पायाळू होतं आणि काही केल्या वळायचं नाव घेत नव्हतं. ईश्वरी स्वतः जन्मली तीही काझीबाईंच्याच हातावर. नागझरीतली निम्मी तरुण पिढी त्याच हातांवर जन्मली होती, आणि ते हात आता थरथरणार, असं यंत्र म्हणत होतं.

हे यंत्र काय होतं ते सांगायला हवं. आपण बोलतो तेव्हा छातीतली हवा गळ्यातल्या दोन नाजूक पडद्यांमधून बाहेर पडते आणि ते पडदे थरथरतात, बाईच्या गळ्यात सेकंदाला दोनशेच्या आसपास वेळा. ही थरथर एकसारखी राहावी म्हणून मेंदू गळा, जीभ, ओठ, जबडा अशा कितीतरी स्नायूंना क्षणोक्षणी हुकूम सोडत असतो. मेंदूतलं डोपामिन नावाचं रसायन कमी पडू लागलं, की हुकूम जरा उशिरा पोहोचतात आणि जरा दुबळे पोहोचतात. हात कापायला लागण्याच्या खूप आधी आवाज सपाट होतो, शब्दांमधल्या फटी बदलतात, वाक्याचा शेवट खाली बसतो. माणसाच्या कानाला एवढं बारीक कळत नाही. लाखो रोग्यांचे आवाज ऐकून तयार झालेल्या यंत्राला कळतं.

सुरुवातीला या शोधानं पुण्यच केलं. आरोग्य केंद्रात जाऊन फोनसमोर 'आ' म्हटलं, की क्षयापासून कंपवातापर्यंत बऱ्याच दुखण्यांची चाहूल लागायची. मग एका वर्तमानपत्राला सुचलं की पुढाऱ्यांची भाषणं तर आपल्याकडे ढिगानं पडली आहेत. प्रकरण न्यायालयात गेलं आणि निकाल लागला, की जाहीर कार्यक्रमात बोललेलं ते जाहीर, त्यातून काय उमगतं ते उमगून घ्यायला ऐकणारा मोकळा आहे. त्यानंतर जी मजा झाली ती विचारू नका. उमेदवारांच्या शपथपत्रांपेक्षा त्यांचे स्वरालेख जास्त वाचले जाऊ लागले. दोन मंत्र्यांनी ऐन प्रचारात मौनव्रत धरलं आणि लोकांनी त्याचाही अर्थ काढला. स्थळ सांगून आलं, की पत्रिकेच्या आधी मुलाचं दोन मिनिटांचं बोलणं मागवायची पद्धत पडली.

'मांजराकाठ'नंही हात धुऊन घेतले. नागझरीतल्या नगरभवनात, ग्रंथालयात, शाळाशाळांत पेपरानं ध्वनिपेट्या बसवल्या. बातमीदारांचं कार्यक्रमांना जाणंच बंद झालं. पेटी ऐकायची, यंत्र निमंत्रणपत्रिका वाचायचं, आणि कोण काय म्हणालं त्याची बातमी तयार. उंटावरून शेळ्या हाकायचं काम, पण चोख चालायचं. हेच साठलेले आवाज आता स्वरपरीक्षेतून जात होते.

ओंकार रापतवार केबिनमध्ये आला तो हसतच. हा पेपराचा तरुण मालक. त्याचे आजोबा दाजीसाहेब यांनी पेपर काढला आणि शिरीषला बातमी लिहायला शिकवलं, म्हणून ओंकार त्याला काका म्हणायचा. रविवारच्या अंकात पहिल्या पानावर, आलेखासकट, असं त्यानं सांगून टाकलं. मग तो समोर बसला.

"काका, तुम्हीच शिकवलंत की माहिती दडवणं म्हणजे वाचकाच्या ताटातलं काढून घेणं. भाषण जाहीर होतं, कायदा आपल्या बाजूनं आहे. आणि ती काही नुसती भाषणं करणारी बाई नाही, लोकांच्या पोटाला चाकू लावते. उद्या टेबलावर एखादीचं बरंवाईट झालं, तर आपल्याला माहीत होतं हे तुम्ही कुणाला सांगाल?"

तरुणपणी वाळूचोरांची नावं छापल्याबद्दल शिरीषनं घराच्या काचा फोडून घेतल्या होत्या, पण एक नाव मागे घेतलं नव्हतं. ओंकार बोलत होता ते त्याचंच बोलणं होतं. पण दाजीसाहेबांचा आणखी एक नियम होता आणि तो शिरीषनं स्वतः आजवर मोडलेला नव्हता. ज्याच्याविषयी वाईट छापायचं, त्याच्या दारात जाऊन त्याची बाजू घ्यायची. फोनवर नाही, कारण फोनवर समोरचा खोटं बोलतो आणि आपणही बोलतो, असं दाजीसाहेब म्हणत. शिरीषनं तेवढीच मुदत मागितली. उद्या संध्याकाळपर्यंत, असं म्हणून ओंकार उठला.

घरी आल्यावर मात्र शिरीषमधला बातमीदार गळून पडला आणि नुसता बाप उरला. ईश्वरी बाळंतपणाला माहेरी आली होती, पाय उशीवर ठेवून पडली होती. त्यानं चहा ठेवता ठेवता सहज विषय काढल्यासारखं केलं, की आपण लातूरला जाऊ, तिथं मोठी सोय आहे. लेक त्याचीच. तिनं एकामागून एक प्रश्न विचारून त्याला असं कोपऱ्यात घेतलं, की शेवटी त्याला म्हणावं लागलं, आतली खबर आहे, डॉक्टरांची तब्येत धड नाही, पुढचं विचारू नकोस आणि आईला बोलू नकोस.

"म्हणजे माझ्यापुरतं सांगताय," ईश्वरी म्हणाली. "माझ्या शेजारच्या खाटेवर जी असेल तिनं काय करायचं? तिचे बाबा पेपरात नाहीत."

तो म्हणाला, म्हणूनच तर छापायचा विचार चाललाय. मग ती म्हणाली, छापलं आणि चूक निघालं तर? तो चहा गाळत राहिला. खरं म्हणजे त्याला स्वतःचीच लाज वाटत होती. बातमी छापायची की नाही हे अजून ठरायचं होतं, आणि त्यानं तिचा फायदा मात्र आधीच घरात आणला होता.

तेवढ्यात कांचन आली. कांचन म्हणजे त्याची बायको, कन्याशाळेत मराठी शिकवायची, पण नागझरी तिला ओळखायची ती सूत्रसंचालनासाठी. वाढदिवस असो की शोकसभा, माइक कांचनबाईंच्या हातात. ती पर्स ठेवून काहीतरी म्हणाली. शिरीषला ऐकू आलं नाही. हे अलीकडे वरचेवर व्हायचं. तिला मोठ्यानं बोल म्हटलं, की ती चिडायची आणि म्हणायची, मोठ्यानंच बोलतेय. आपलेच कान गेले असावेत, अशी त्यानं मनाची समजूत घालून घेतली होती. आजही त्यानं हुंकार भरला आणि विषय कानामागे टाकला. काझीबाईंचं तिच्याजवळ बोलायचा तर प्रश्नच नव्हता. दोघी जुन्या मैत्रिणी. कळायचा अवकाश, हिनं तडक दवाखाना गाठला असता.

शुक्रवारी सकाळी तो काझी प्रसूतिगृहात गेला. बाकांवर पोटुशा बायका आणि त्यांच्या सासवा बसल्या होत्या. त्यांच्यात तो एकटा पुरुष, चोरासारखा अंग आखडून बसला. इथं बसलेल्या प्रत्येकीला जे माहीत असायला हवं ते आपल्या खिशात आहे, आणि ज्या बाईची ही गोष्ट आहे तिला आपण ती खिशात घातल्याचं ठाऊकही नाही, या विचारानं त्याला घाम फुटला. आत बोलावणं आलं तेव्हा त्याला सुटल्यासारखं वाटलं.

डॉक्टरांनी आधी ईश्वरीची चौकशी केली. मग त्याचा चेहरा पाहून दार लावून घेतलं. शिरीषनं आडवळण घेतलं नाही. आलेख त्यांच्यासमोर ठेवला, रविवारी छापायचं घाटतंय हे सांगितलं, आणि तुमची बाजू घ्यायला आलोय असं म्हणाला. काझीबाईंनी आलेख नीट पाहिला. त्या रागावल्या नाहीत. त्यांनी दोन्ही हात टेबलावर पसरून ठेवले आणि स्वतःच त्यांच्याकडे बघत बसल्या. हात स्थिर होते.

"खरं असतं, तर उद्यापासून मी चाकू उचलला नसता," त्या म्हणाल्या. "माझ्या पेशंटना मीच सांगितलं असतं. आधी घरच्यांना, मग त्यांना. आणि लपवून ऑपरेशनं करत राहिले असते, तर तुम्ही छापायलाच पाहिजे होतं, शिरीषभाऊ. त्यात माझी काही तक्रार नाही. पण ही भाषणं कुठली आहेत?"

त्यानं वाचून दाखवलं. ग्रंथालयाचा वर्धापनदिन, नगरपालिकेचा महिला दिनाचा सत्कार, आणि गेल्या महिन्यातला नगरभवनातला गौरव समारंभ.

काझीबाई हसायला लागल्या. "यातल्या एकालाही मी गेलेली नाही. सत्कार ठरला, की त्या दिवशी इथं कुणी ना कुणी अडलेली असतेच. लेकरं काय निमंत्रणपत्रिका बघून येतात? शाल-नारळ माझा भाऊ घेऊन येतो. मी आपलं दोन पानांचं मनोगत लिहून पाठवते, तिथं कुणीतरी वाचून दाखवतं."

शिरीषचा जीव भांड्यात पडला. सोमवार सुखरूप पार पडणार होता. लातूर नको, काही नको. यंत्रानं नेमका कसा घोळ घातला तेही त्याला लख्ख दिसलं. पत्रिकेवर 'सत्काराला उत्तर' म्हणून डॉक्टरांचं नाव. मनोगत तर 'मी नसरीन काझी' असंच सुरू होणार, कारण आपल्याकडे गैरहजर माणसाचं मनोगत त्याच्याच तोंडानं बोलल्यासारखं वाचतात. त्याआधी कुणीतरी 'त्यांचं मनोगत मी वाचून दाखवते' असं म्हटलं असणार, पण यंत्र सूत्रसंचालन आणि आभार हे बातमीच्या कामाचे नाहीत म्हणून आधीच गाळून टाकायचं. नागझरीतलं शेंबडं पोरही सांगू शकलं असतं, की पत्रिका आणि कार्यक्रम यांचा संबंध नावापुरता असतो. बातमीदार समोर बसलेला असता तर हे झालंच नसतं. तो आनंदानं हे सगळं बोलत सुटला.

काझीबाईंचं हसू मात्र मावळलं होतं.

"तुम्ही ही भाषणं ऐकलीत का?" त्यांनी विचारलं.

तो म्हणाला, नाही, यंत्र ऐकतं, आमच्याकडे आलेखच येतो.

"मग आता ऐका. इथंच ऐका, मी शेजारी असताना."

त्यानं फोन काढून गेल्या महिन्यातलं ध्वनिमुद्रण लावलं. टाळ्यांचा आवाज विरला आणि एक बाई बोलू लागली. 'नमस्कार. मी नसरीन काझी. आज तुमच्यात नाही याचं वाईट वाटतं, पण इथं एक लेकरू जगात यायची घाई करतंय...' शब्द विनोदी होते, आणि आवाज सपाट, मऊ, वाक्याच्या शेवटी खाली बसणारा. तो आवाज कांचनचा होता. तिन्ही कार्यक्रमांचं सूत्रसंचालन तिचंच होतं, म्हणजे तिन्ही मनोगतं तिनंच वाचली होती. नाव चुकलं होतं, आजार चुकला नव्हता.

काझीबाईंनी फोन त्याच्या हातातून काढून घेऊन बंद केला. त्याला रडू आलं, आणि त्यानं ते लपवलं नाही. जो आवाज रोज सकाळी त्याला उठवायचा, ज्याला तो मोठ्यानं बोल म्हणून डाफरायचा, तो बिघडत चालल्याचं नगरभवनातल्या पेटीला समजलं आणि त्याला समजलं नव्हतं. गावभरच्या आवाजांचा हिशेब ठेवणाऱ्याच्या घरात दिव्याखाली अंधार होता.

काझीबाईंनी त्याला पाणी दिलं. हा आपला विषय नाही, मेंदूवाल्या डॉक्टरांना दाखवा, उद्याच दाखवा, यंत्र आवाज ओळखतं पण तो कशानं बिघडला ते त्याला नेहमी कळतंच असं नाही, असं समजावलं. तिला काही गोळ्या चालू आहेत का, असं विचारलं. शिरीषला तेही माहीत नव्हतं. निघताना त्या म्हणाल्या, "आता तिच्याविषयी तुम्हाला जे माहीत आहे, ते तिलाच माहीत नाही. हे नीट वाटत नाही ना? मग आधी तिच्याकडे जा. ऑफिसात नंतर."

पण ऑफिस वाटेत लागत होतं, आणि ओंकार घाईत होता. शिरीष आत गेला आणि उभ्या उभ्याच सांगितलं, की ती बातमी मेली, पत्रिकेवर नाव डॉक्टरांचं असलं तरी मनोगत दुसऱ्यानंच वाचलं, आवाज डॉक्टरांचा नाहीच. ओंकारचा चेहरा पडला. मग तो सावरला आणि त्यानं विचारलं, मग कोणाचा? शिरीष म्हणाला, तो बातमीचा विषय नाही.

"काका, हे तुम्ही म्हणताय?" ओंकारला खरंच आश्चर्य वाटलं होतं.

"मी म्हणतोय. त्या आवाजाच्या हातात चाकू नाही, सत्ता नाही, लोकांचा जीव नाही. ते दुखणं ज्याचं आहे त्याचं आहे. आणि बातमीच पाहिजे असेल तर तुझ्याकडे याहून मोठी आहे."

ती काय, हे ओंकारला सांगावं लागलं नाही. मार्च महिन्यात याच यंत्राच्या भरवशावर त्यांनी बाजार समितीच्या सभापतींचा स्वरालेख छापला होता. स्मृतिभ्रंशाची सुरुवात, असा मथळा होता. त्यासाठी त्यांच्या दारात कुणी गेलं नव्हतं, कारण शिरीष तेव्हा ईश्वरीच्या डोहाळजेवणासाठी रजेवर होता. सभापतींनी आठवड्याच्या आत राजीनामा दिला होता. ओंकारनं ते मुद्रण मागवलं आणि दोघांनी मिळून ऐकलं. सभापतींचा घोगरा आवाज दोघांच्याही ओळखीचा होता. हा कुणातरी भलत्याच माणसाचा होता, बहुधा त्यांचं भाषण वाचणाऱ्या एखाद्या कारकुनाचा. ओंकार पांढराफटक पडला. दाजीसाहेबांचा नातू अखेर त्यांचाच निघाला, हे मात्र सांगायला हवं. तो उठला, गाडीची किल्ली घेतली आणि एकटाच सभापतींच्या घरी गेला. रविवारी पहिल्या पानावर आलेख आलाच नाही. त्या जागी 'आमची चूक' अशा मथळ्याखाली ती कशी झाली हे आलं, आणि खाली मालक आणि वृत्तसंपादक या दोघांच्या सह्या.

शुक्रवारी संध्याकाळी शिरीषनं कांचनला गच्चीवर बोलावलं. कुठून सुरू करावं ते त्याला सुचेना, म्हणून त्यानं पहिल्यापासून सुरू केलं, डबा झाकला तिथपासून. सांगून झाल्यावर कांचन म्हणाली, "म्हणून माइक इतका जवळ ओढावा लागतो होय मला. मला वाटलं, वय झालं. मागच्या रांगेतल्या पोरी कुजबुजतात, बाई ऐकू येत नाही. घरी येऊन तुम्हाला सांगत होते, तर तुम्ही हूं म्हणत होता."

ती रागावली होती, आणि तिच्या त्या मऊ, सपाट आवाजात रागही नीट चढत नव्हता.

"यंत्रावर माझा राग नाही," ती म्हणाली. "त्याला कळलं, बरंच झालं. पण मी तिथं दुसऱ्याचे शब्द वाचायला उभी होते. तुमच्या पेपरानं मला न विचारता माझ्या गळ्यात हात घातला. तो आलेख तुमच्या टेबलावर पोहोचला आणि मी मात्र इथं भाजी चिरत होते."

मग ती त्याच्याशेजारी बसली. दोघंही घाबरले होते, आणि तसं एकमेकांना म्हणालेही. ते म्हटल्यावर थोडं हलकं वाटलं.

शनिवारी ते लातूरला गेले. मेंदूच्या डॉक्टरांनी कांचनला चालायला लावलं, बोटं मिटायला-उघडायला लावली, एक परिच्छेद वाचायला दिला. मग विचारलं, कुठल्या गोळ्या घेता? कांचन म्हणाली, काही नाही, चक्करची एक तेवढी. काही वर्षांपूर्वी व्यासपीठावर तिला भोवळ आली होती. तेव्हा कुणीतरी पंधरा दिवसांसाठी एक गोळी लिहून दिली. बरं वाटलं म्हणून तिनं ती सोडलीच नाही. पुन्हा माइकसमोर पडले तर, ही धास्ती. औषधाच्या दुकानात कुणी चिठ्ठी मागितली नाही आणि तिनंही ही गोष्ट कुणाला सांगण्याजोगी मानली नाही.

डॉक्टरांनी मान हलवली आणि मेंदूचं एक खास चित्र काढून आणायला सांगितलं. संध्याकाळी चित्र आलं तेव्हा ते पडद्यावर दाखवत त्यांनी सोपं करून सांगितलं. कंपवातात डोपामिन बनवणाऱ्या पेशीच मरत जातात. इथं पेशी शाबूत होत्या, डोपामिनही हवं तेवढं बनत होतं. ती गोळी मात्र ते डोपामिन जिथं पोहोचायचं तिथली दारं अडवून बसली होती. निघालेला निरोप पोहोचतच नव्हता, आणि यंत्राच्या लेखी दोन्हींचा आवाज सारखाच. गोळी हळूहळू बंद करायची, काही महिने वाट पाहायची, चक्करेवर मानेचे व्यायाम करायचे. बहुतेकांचा आवाज परत येतो, ते म्हणाले.

बाहेर आल्यावर दोघं रसवंतीवर गेले आणि एकमेकांकडे न बघता रस प्यायले. मग कांचनला हसू फुटलं. एवढीशी गोळी, ती म्हणाली, आणि हसता हसता तिनं पदरानं डोळे टिपले. शिरीषला तर रस्त्यावरच्या प्रत्येक माणसाला थांबवून सांगावंसं वाटत होतं.

सोमवारी काझीबाईंनी ईश्वरीचं सिझेरियन केलं. मुलगी झाली, पाय आधी बाहेर काढूनच आली आणि आल्या आल्या तिनं वॉर्ड डोक्यावर घेतला. मध्येच लातूरचं खूळ निघालं होतं, हे ईश्वरीनं काझीबाईंना सांगितलं नाही. शेजारच्या खाटेवरच्या बाईलाही मुलगीच झाली होती. तिच्या सासूनं साखर वाटली.

गोळी सुटायला दोन महिने लागले. आवाज एकदम आला नाही. आधी वाक्याचे शेवट वर आले, मग हाक मारली की खालच्या मजल्यावर ऐकू जायला लागली. चक्कर एक-दोनदा येऊन गेली, तेव्हा कांचन खुर्चीवर बसून सूत्रसंचालन करू लागली आणि कुणाचं काही बिघडलं नाही. नगरभवनातल्या पेट्या 'मांजराकाठ'नं काढल्या नाहीत, पण स्वरपरीक्षा बंद केली. पदावरच्या माणसाची करायचीच वेळ आली, तर आधी मुद्रण कानानं ऐकायचं आणि मग त्याच्या दारात जायचं, असं ठरलं. बातमीदार पुन्हा कार्यक्रमांना जाऊ लागले आणि पुन्हा वेळेवर न पोहोचण्याबद्दल बोलणी खाऊ लागले.

एक गोष्ट मात्र शिरीषच्या मनात राहून राहून टोचत होती. औषधाच्या दुकानातून चिठ्ठीशिवाय ती गोळी घेणाऱ्या बायका नागझरीत काही कांचन एकटी नव्हती. ही बातमी व्हायलाच हवी होती, आणि कांचनच्या गोष्टीवाचून ती पोकळ झाली असती. एका रविवारी त्यानं तिला विचारलं. नाव घालून छापू का? तुझा आवाज सगळं गाव ओळखतं, लोकांना पटकन पटेल.

"नाही," कांचन म्हणाली.

त्यानं कारण विचारलं. ती कणीक मळत होती, तिनं हात थांबवला नाही.

"कारण सांगायला लागलं, तर मग तो माझा नकार कसला? गोळीचं सगळं लिहा, मेंदूच्या डॉक्टरांचं नाव घाला, मला काय काय झालं तेही घाला. मी त्यात नको."

तरुण शिरीषनं यावर अर्धा तास वाद घातला असता. या शिरीषनं मान डोलावली आणि लिहायला बसला. बातमी छापून आली ती 'नागझरीतल्या एका शिक्षिकेची' म्हणून. शिक्षिका गावात पुष्कळ. आठवडाभर दवाखान्यांत, जे काही बाही घेत होते ते सगळे गोळ्यांची पाकिटं घेऊन रांगेत उभे राहिले. काझीबाईंनी फोन करून सांगितलं, की त्यांच्या दोन पेशंटच्या सासवांची कापरी बोटं त्या गोळीचीच निघाली. आणि सगळं गाव विचारत होतं, ही बाई कोण?

ओंकारनंही विचारलं. तो केबिनमध्ये आला, दार लावलं आणि खुर्ची पुढे ओढली. मालकाला तरी कळायला हवं, तो म्हणाला, उद्या कुणी नोटीस पाठवली तर आपण कशावर उभे राहणार? त्या गुरुवारच्या आवाजाचा आणि या बाईचा काही संबंध आहे का, हेही त्यानं चाचपून पाहिलं. पोरगा हुशार होता.

शिरीषला क्षणभर वाटलं, सांगून टाकावं. तीस वर्षं त्यानं नावं मिळवण्यात घालवली होती. मिळालेलं नाव घशात धरून ठेवायची त्याला सवय नव्हती. मग त्याला एकदम बरं वाटलं, इतकं बरं की तो खुर्चीत मागे टेकून बसला. ज्या स्वातंत्र्यासाठी त्यानं घराच्या काचा फोडून घेतल्या होत्या, त्यातच नाव न सांगण्याचं हे दारही होतं, आणि ते आतून बंद करता येत होतं.

"ओंकार, ती माझं सूत्र आहे," तो म्हणाला. "सूत्राचं नाव पत्रकार मालकालाही सांगत नाही, कोर्टालाही सांगत नाही. नोटीस आली तर माझ्या नावानं घे."

ओंकारनं मान डोलावली, तो उठला, आणि उद्याच्या पहिल्या पानावर काय घ्यायचं ते विचारायला लागला.